पहिली हिरोईन, वय वर्षं तेरा

भारतीय सिनेमाची पहिली हिरोईन कोण? उद्या ऑफिसात लंच टाइमला विचारून बघा. देविका राणी, दुर्गा खोटे अशी नावं येतील, एखादा थेट मधुबाला म्हणून मोकळा होईल. कमलाबाई गोखले हे नाव बहुधा कुणीच घेणार नाही. अन् आपण नाशिककर, आपल्याला तर ते पाठच हवं!

झालं असं, की १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ काढताना दादासाहेब फाळक्यांना तारामतीच मिळेना. अगदी बदनाम वस्तीतल्या बायकांनीही ‘नको बाबा’ म्हटलं. शेवटी हॉटेलात स्वयंपाकाचं काम करणाऱ्या अण्णा साळुंकेंना साडी नेसवली. मग फाळक्यांनी मुंबईचं बिऱ्हाड नाशकात हलवलं आणि इथे दुसरा सिनेमा हाती घेतला, ‘मोहिनी भस्मासुर’. या खेपेला एकदम दोघी मिळाल्या. पार्वती झाल्या दुर्गाबाई कामत आणि मोहिनी झाली त्यांची तेरा वर्षांची लेक, कमला.

दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या, पदरात पोर. पोटासाठी त्यांनी नाटक धरलं, तेही पुरुषच शालू नेसून टाळ्या घेत होते त्या काळात. समाजानं तोंड फिरवलं. आज सिंगल मदर म्हणून भाड्याचा फ्लॅट शोधताना सोसायटीवाले कसं बघतात ते आठवा आणि त्याला शंभरानं गुणा. कमलाची शाळा म्हणजे आई आणि फिरती नाटक कंपनी.

यातली मजा बघा. मोहिनी म्हणजे मुळात कोण? विष्णूनं घेतलेलं बाईचं रूप. म्हणजे सगळे पुरुष बायका होत होते, तेव्हा पडद्यावर पहिल्यांदा आलेल्या खऱ्या मुलीला रोल मिळाला तो बाई झालेल्या देवाचा!

पण एका सिनेमानं दार काही उघडलं नाही. १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये राम साळुंके आणि सीताही साळुंकेच. कमला नाटकाकडे परतली. चित्ताकर्षक नाटक मंडळीतल्या रघुनाथराव गोखल्यांशी लग्न झालं, तीन मुलगे झाले, आणि नवरा लवकर गेला. मग काय, ‘करिअर ब्रेक’ वगैरे चोचले परवडणारे नव्हतेच. बाई कामाला लागल्या. नाटक, पुढे बोलपट, मिळेल ते. गरज पडली तेव्हा पुरुष भूमिकाही केल्या (हिशेब चुकता!). थोरले चंद्रकांत नट झाले, लालजी आणि सूर्यकांत तबल्याकडे वळले. ‘या सुखांनो या’ रोज बघत होतात ना? त्यातले विक्रम गोखले या बाईंचे नातू.

१९८० च्या ‘गहराई’त त्या दिसल्या तेव्हा ऐंशीच्या घरात होत्या. आपल्यातले काही चाळिशीतच रिटायरमेंटचे प्लॅन आखतात!

‘मोहिनी भस्मासुर’ आज बघायला मिळत नाही, रिळं गेली. पांडवलेण्याच्या पायथ्याशी फाळके स्मारक आहे, तिथे वीकेंडला फोटो काढायला आपण जातोच. पण कमलाबाईंना भेटायचं असेल तर रीना मोहन यांची ‘कमलाबाई’ ही डॉक्युमेंटरी मिळवा. राष्ट्रीय पुरस्कार मिळालेली आहे. कमलाबाई गेल्या, त्याच्या काही वर्षं आधीची. नव्वदीतली थकलेली बाई, पण जुन्या नाटकांचा विषय निघाला की आवाज बघा कसा लागतो.