येशूचीं अठरा वर्षें आणि आमचीं दोन मापें

गेल्या नाताळाच्या आदल्या आठवड्यांत एका व्याख्यानमालेस जाण्याचा योग आला. विषय होता ‘येशू ख्रिस्त आणि भारत’. सभागृह भरलेलें होतें. श्रोतृवर्ग या मासिकाच्या वाचकांसारखाच, म्हणजे सहकुटुंब आलेले शिक्षक, डॉक्टर, निवृत्त अधिकारी. वक्त्यांनीं ठामपणें सांगितलें कीं, वयाच्या बाराव्या वर्षापासून तिसाव्या वर्षापर्यंत येशू हिंदुस्थानांत होता. जगन्नाथपुरी, राजगृह व काशी येथें त्यानें विद्या संपादन केली, आणि पुढें गालीलांत जो उपदेश केला त्याची शिदोरी येथूनच बांधून नेली. टाळ्यांचा कडकडाट झाला. माझ्या शेजारीं बसलेल्या एक सुविद्य बाई समाधानानें म्हणाल्या, “पाहा, शेवटीं सगळें आपलेंच!” त्या उद्गारानें मला जी अस्वस्थता आली ती घरीं येऊनहि गेली नाहीं, म्हणून हा लेख.

या कथेस आधार काय, तें प्रथम पाहूं. लूकाच्या सुवार्तेंत येशू बारा वर्षांचा असतां यरुशलेमच्या मंदिरांत पंडितांशीं बोलत बसल्याचा प्रसंग आहे. त्यानंतर तो एकदम सुमारें तीस वर्षांचा होऊन आपल्यापुढें येतो. मधल्या अठरा वर्षांविषयीं चारी सुवार्ता मूक आहेत. पण मौन म्हणजे प्रवास नव्हे. प्राचीन काळच्या किती पुरुषांच्या तारुण्याची हकीगत आपणांस ठाऊक आहे? शिवाय मार्काच्या सुवार्तेंत येशूचे गांवकरी त्याचें बोलणें ऐकून थक्क होतात आणि म्हणतात कीं, हा तर आपला सुतार, मरीयेचा मुलगा, याच्या बहिणी येथेंच आपल्यांत नांदत आहेत. सोळा-सतरा वर्षें परदेशीं काढून आलेल्या माणसाबद्दल गांव असें बोलत नाहीं. ‘इतकीं वर्षें हा होता कोठें?’ हा गांवाचा पहिला प्रश्न असतो, आणि तो तेथें कोणीहि विचारलेला नाहीं.

ही पोकळी भरून काढली ती निकोलस नोटोविच या रशियन प्रवाशानें. १८८७ सालीं तो लडाखांत गेला होता. हेमिसच्या मठाजवळ पाय मोडल्यामुळें त्यास तेथें राहावें लागलें, आणि त्या मुक्कामांत मुख्य लामानें ‘ईसा’ नांवाच्या संताचें चरित्र त्याला वाचून दाखविलें, असें त्याचें म्हणणें. लामानें वाचावें, दुभाष्यानें अर्थ सांगावा, यानें टिपून घ्यावें, आणि १८९४ सालीं पॅरिसमध्यें फ्रेंच भाषेंत पुस्तक निघावें, असा या ग्रंथाचा उगम. त्याच वर्षीं माक्स म्युल्लर यांनीं ‘नाइन्टीन्थ सेंच्युरी’ मासिकांत त्याचा समाचार घेऊन, तिबेटी लोकांच्या कंजूर व तंजूर या महासंग्रहांच्या याद्यांत असल्या ग्रंथाचें नांव नाहीं, हें दाखवून दिलें. पुढें आग्र्याच्या सरकारी कॉलेजांतील डग्लस नांवाचे प्राध्यापक १८९५ सालीं स्वतः हेमिसला जाऊन पोंचले. (प्राध्यापकानें आपली सुटी अशा कामीं लावावी याचें मला कौतुक वाटतें.) त्यांनीं पुस्तकांतील मजकूर लामास ऐकविला. असा ग्रंथ मठांत नाहीं, आणि पाय मोडलेला कोणी साहेबहि येथें राहिलेला नाहीं, असें लामानें सांगितलें व त्या जबाबावर आपली मुद्रा उठविली. स्वामी अभेदानंदांसारखे आदरणीय पुरुष १९२२ सालीं तेथें गेले होते आणि तसें हस्तलिखित आपणांस दाखविण्यांत आलें असें त्यांनीं लिहिलें आहे, हें वाचकांपासून लपवून ठेवणें योग्य होणार नाहीं. परंतु त्या हस्तलिखिताचें एकहि पान आजतागायत विद्वानांपुढें परीक्षेसाठीं आलेलें नाहीं.

ग्रंथाच्या पोटांतील पुरावा तर याहून बोलका आहे. मूळ ग्रंथ पाली भाषेंतला व येशूच्या मरणानंतर लवकरच रचलेला, असें सांगतात. मग ‘ईसा’ हें येशूच्या नांवाचें अरबी, कुराणांतलें रूप त्यांत आलें कोठून? तिबेटी धर्मग्रंथ मुख्यतः संस्कृतावरून भाषांतरिलेले. तेथें हा एकच ग्रंथ पालींतून कसा गेला? येशू जगन्नाथाच्या क्षेत्रीं वेद शिकला म्हणे. पण पुरीचें आजचें देऊळ बाराव्या शतकांतलें, आणि पहिल्या शतकांत तेथें जगन्नाथाचें क्षेत्र होतें याला कसलाहि आधार नाहीं. एकोणिसाव्या शतकांतील पॅरिसच्या वाचकाला हिंदुस्थानांतलीं जीं तीन-चार नांवें ऐकून ठाऊक होतीं, नेमक्या त्याच ठिकाणीं पहिल्या शतकांतला येशू फिरतो!

या कथेच्या भावकीहि आहेत. मिर्झा गुलाम अहमद यांनीं १८९९ च्या सुमारास असें प्रतिपादन केलें कीं, येशू क्रुसावर मेलाच नाहीं. तो काश्मिरांत आला आणि श्रीनगरच्या खानयार भागांतील कबर त्याचीच आहे. आपल्या गणेश दामोदर सावरकरांनीं ‘ख्रिस्तपरिचय’ या पुस्तकांत येशू जन्मानेंच हिंदु, तोहि तामिळ, असल्याचें लिहिलें. २०१६ सालीं तें पुस्तक पुनः निघालें तेव्हां वर्तमानपत्रांतून त्याची बरीच चर्चा झाली. येशू येथें शिकून परत गेला, कीं क्रुसानंतर येथें येऊन मेला, कीं मुळांतच येथला? हीं तिन्ही मतें एकमेकांस खोडून काढतात. आमच्या वक्त्यांनीं मात्र तिन्हींचे सारख्याच आदरानें आभार मानले.

एवढें सांगितल्यावर जें उत्तर येतें तें मला ठाऊक आहे. ‘नोटोविच खोटा असेल, पण साम्य तर खरें ना? वैरानें वैर शमत नाहीं असें बुद्ध सांगतो, शत्रूवर प्रीति करा असें येशू सांगतो. साम्य आहे, बुद्ध आधींचा आहे, मग आणखी पुरावा कशाला?’ माझा खरा वाद आहे तो या युक्तिवादाशीं. कारण हाच युक्तिवाद एके काळीं आपल्यावर चालून आला होता.

१८६९ सालीं लोरिन्सर नांवाच्या जर्मन पंडितानें गीतेचें भाषांतर प्रसिद्ध केलें आणि त्यास ‘नव्या करारां’तील समान वचनांची भली मोठी यादी जोडली. निष्कर्ष असा कीं, गीताकारानें ख्रिस्ती शास्त्र वाचून त्यांतली भक्ति उचलली. त्याच्या थोडें आधीं वेबर यांनीं कृष्णजन्माष्टमीवर लिहितांना बाळकृष्णाच्या उपासनेवर बाळ येशूची छाया पाहिली होती. साम्य दिसलें, यास उसनवारी हेंच कारण, आणि उसनें घेणारे हिंदु. या मताला १८७५ सालीं उत्तर दिलें तें काशिनाथ त्र्यंबक तेलंगांनीं, आणि तेव्हां त्यांचें वय अवघें पंचवीस! गीतेच्या आपल्या इंग्रजी पद्यमय भाषांतराच्या प्रस्तावनेंत त्यांनीं आक्रस्ताळेपणा केला नाहीं कीं मिशनऱ्यांना शिव्या दिल्या नाहींत. ज्या कल्पना परक्या म्हणून दाखविल्या त्या आपल्याच जुन्या वाङ्मयांत आहेत कीं नाहींत, हें त्यांनीं पाहिलें. ख्रिस्ती ग्रंथ त्या काळीं येथें पोंचल्याचा पुरावा काय, हें विचारलें. नुसत्या वचनांच्या साम्यावरून एक ग्रंथ दुसऱ्यावरून घेतला असें ठरत नाहीं, असें त्यांचें म्हणणें. १९०९ सालीं विदिशेजवळ बेसनगर येथील स्तंभावरचा लेख उजेडांत आला. तक्षशिलेचा हेलिओडोरस नांवाचा ग्रीक वकील स्वतःस भागवत म्हणवून वासुदेवाचा गरुडध्वज उभारतो, तोहि ख्रिस्तापूर्वीं शंभराहून अधिक वर्षें! वासुदेवभक्ति ख्रिस्ती धर्मापासून निघाली, या मताचा पायाच त्यानें काढून घेतला.

हें मत परक्यांचेंच होतें असेंहि नाहीं. आभीरांनीं आपल्याबरोबर बाळदेवाच्या कांहीं कथा व ख्रिस्ताचें नांव आणलें असावें, अशी शक्यता खुद्द रामकृष्ण गोपाळ भांडारकरांनीं १९१३ च्या आपल्या वैष्णव-शैव पंथांवरील ग्रंथांत मांडली होती. तो त्यांचा तर्क पुढें टिकला नाहीं. पण स्वधर्माला सोयीचें नाहीं म्हणून त्यांनीं तो दडपला नाहीं, याचें मोल मला मोठें वाटतें. टिळकांनीं गीतारहस्याच्या परिशिष्टांत बायबलाचा प्रश्न घेऊन कालक्रमाच्या बळावर गीता ख्रिस्ताची ऋणी नाहीं हें दाखविलें, तेथपर्यंत त्यांना उत्तर नाहीं. पण त्यापुढें जाऊन, ऋण उलट दिशेचें असावें असें जेव्हां ते सुचवितात, तेव्हां लोरिन्सरचेंच हत्यार ते उलटें धरतात, असें मोठ्या आदरानेंच, पण म्हणावें लागतें.

संबंधच नव्हता असें मी म्हणत नाहीं. अशोकाच्या तेराव्या शिलालेखांत सीरिया व मिसर येथील ग्रीक राजांचीं नांवें आहेत. पहिल्या शतकांतील ‘पेरिप्लुस’मध्यें भडोच, सोपारें, कल्याण, चौल हीं आमचीं बंदरें नोंदलेलीं आहेत. परंतु मिरीं गेलीं म्हणजे धर्महि गेला, असें होत नाहीं. ज्या अलेक्झांड्रियांत हा सगळा व्यापार उतरे तेथील क्लेमेंट सुमारें २०० सालीं लिहितांना बुद्धाचा उल्लेख करतो तो एकाददुसऱ्या वाक्यांत. मग पावणेदोनशें वर्षें आधीं गालीलच्या खेड्यांत बौद्ध धर्माची शिकवण रुजली होती असें कशावरून मानावें?

उसनवारी खरोखर झाली म्हणजे ती कशी दिसते, याचें उदाहरण ख्रिस्ती धर्माच्याच इतिहासांत आहे. मध्ययुगीन युरोपांत संत जोसाफट याचें चरित्र अत्यंत लोकप्रिय होतें. हिंदुस्थानांतील राजपुत्र, तो संसार सोडील या भाकितामुळें बापानें महालांत कोंडलेला, तरीहि रोग, जरा आणि मृत्यु यांचें दर्शन त्याला घडतेंच, मग बार्लाम नांवाचा तपस्वी त्याला दीक्षा देतो. रोमच्या संतांच्या यादींत २७ नोव्हेंबर हा त्याचा दिवस होता. हा जोसाफट म्हणजे दुसरा कोणी नसून गौतम बुद्ध! पण हें केवळ कथासाम्यावरून ठरलें नाहीं. ‘बोधिसत्त्व’ याचें मध्य आशियांतून अरबींत येतां येतां ‘बूदासफ’ झालें. अरबी लिपींतल्या नुक्त्यांच्या फरकानें त्याचें ‘यूदासफ’. जॉर्जियन भाषेंत ‘योदासफ’, ग्रीकांत ‘योआसफ’, लॅटिनांत ‘जोसाफट’. पायरीपायरीचे ग्रंथ उपलब्ध आहेत. आणि या साम्याचा संशय फार पूर्वीं ज्यांस आला त्यांत गोव्याचा पोर्तुगीज दप्तरदार व इतिहासकार दियोगो द कौतो हा एक. मुंबईजवळच्या साष्टींतील कान्हेरीच्या लेण्यांविषयीं एका म्हाताऱ्यानें त्याला सांगितलेली कथा, राजानें मुलाला जगापासून दूर ठेवण्याकरितां तीं कोरविलीं ही, ऐकतांच त्याला जोसाफट आठवला. ज्यांना आपल्या संस्कृतीचा पश्चिमेवरील प्रभाव मिरवावयाचा आहे त्यांनीं ही साखळी अवश्य मिरवावी. त्या व्याख्यानांत हिचा उल्लेखहि नव्हता.

येशूच्या उपदेशाचें मूळ शोधावयाचें तर तेलंगांच्याच रीतीनें आधीं त्याच्या घरांत शोधलें पाहिजे. शेजाऱ्यावर प्रीति करण्याची आज्ञा लेवीयाच्या पुस्तकांत आहे. भुकेल्या शत्रूला अन्न द्यावें हें नीतिसूत्रांत आहे. जें आपल्याला नको तें दुसऱ्याला करूं नये हें ख्रिस्तपूर्व तोबितच्या ग्रंथांत आहे. एसीन नांवाचा यहुदी विरक्त पंथ बौद्ध भिक्षूंपासून निघाला, असें शंभर वर्षांपूर्वीं अनेकजण म्हणत. १९४७ पासून मृत समुद्राच्या कांठीं कुमरान येथील गुहांत सुमारें नऊशें हस्तलिखितांचे अवशेष सांपडले आणि बहुतेक विद्वान त्यांचा संबंध एसीनांशींच लावतात. त्यांत मोशेचें नियमशास्त्र आहे, संदेष्टे आहेत, सोवळेंओवळें आहे, पंचांगावरून भांडणें आहेत. बुद्धाचें नांव कोठेंहि नाहीं. येशू यहुदी होता, यहुद्यांत वाढला, आणि यहुद्यांशीं त्यांच्याच शास्त्राच्या अर्थावरून वाद घालीत राहिला. आमच्या कोकणांत बेने इस्रायल शतकानुशतकें तेल गाळीत राहिले, शनिवार पाळतात म्हणून आम्हीं त्यांना ‘शनवार तेली’ म्हटलें. त्यांच्या शास्त्रांत काय आहे हें विचारण्याची मात्र आम्हांला कधीं गरज वाटली नाहीं.

‘असेना खोटें, त्यांत कोणाचें काय बिघडलें?’ असें कोणी म्हणेल. येशूला यहुद्यांपासून तोडून आर्य करण्याचा उद्योग युरोपांत कोणीं व कशासाठीं केला, हें त्यानें पाहावें. १८९९ सालीं ह्यूस्टन चेंबरलेन यानें येशू वंशानें यहुदी नव्हता असें लिहिलें. १९३९ सालीं जर्मनींत आयझेनाख येथें चर्चमधील यहुदी अंश काढून टाकण्यासाठीं एक संस्थाच निघाली, आणि तिचा प्रमुख अभ्यासक वाल्टर ग्रुंडमान यानें पुढल्या वर्षीं तेंच मत ग्रंथरूपानें मांडलें. त्या वर्षांत यहुद्यांचें काय चाललें होतें तें सांगावयास नको. आमच्या वक्त्यांच्या मनांत असलें कांहीं नव्हतें, याची मला खात्री आहे. पण ज्या कल्पनेला ते आपला अभिमान समजतात तिची एक जन्मकथा अशीहि आहे, हें त्यांस ठाऊक नसावें.

मिशनऱ्यांनीं आमच्या देवांची निंदा केली, मग आम्हीं का सोडावें, असेंहि सभेनंतर एका तरुणानें मला विचारलें. निंदेला उत्तर द्यावें, आणि सणसणीत द्यावें. तेलंगांनीं तेंच केलें. पण तेलंगांच्या उत्तरांत बळ होतें तें त्यांचें माप एक होतें म्हणून. लोरिन्सरची यादी आम्ही हंसून फेटाळूं आणि तसलीच यादी आमच्या बाजूनें आली कीं टाळ्या वाजवूं, तर उद्यां कोणी लोरिन्सरला पुनः उभें केलें म्हणजे त्याला अडवावयास आमच्यापाशीं उरेल काय?

मीं वक्त्यांना पत्र लिहून हेमिसच्या ग्रंथाचा आधार विचारला. त्यांनीं सौजन्यानें उत्तर धाडलें, आणि सोबत मोबाइलवर फिरणाऱ्या एका चित्रफितीचा पत्ता दिला. ती मीं पाहिली; तींत नोटोविचच्याच पुस्तकांतील मजकूर नांव न घेतां वाचला आहे. मठाचें, पोथीचें किंवा लेखाचें एक पान, ज्याचा काळ तज्ज्ञांनीं तपासला आहे, असें कोणी पुढें ठेवलें तर याच मासिकाच्या पुढील अंकांत मी माझें म्हणणें मागें घेईन.