दोष आईचा नव्हे

‘ऑटिझम’ला आपण मराठीत ‘स्वमग्नता’ म्हणतो. हा शब्द मला पटत नाही. तो ऐकला की वाटते, मूल स्वतःतच रमले आहे, जगाशी त्याला घेणेदेणे नाही. पुष्कळदा घडते ते उलटच. जगच त्याच्यावर येऊन आदळते. भर वर्गात मोबाइलवर ध्वनिमुद्रण करून ऐका. शिक्षकांच्या आवाजात पंखा, बाकांची खरखर, बाहेरची एस.टी., सारे मिसळलेले असते. एरवी आपला मेंदू हे गाळून टाकतो. अशा अनेक मुलांत ही गाळणी वेगळी चालते. वरातीचा बँड येताच कान झाकून आत पळणारे मूल हट्टी नसते.

लिओ कॅनर यांनी १९४३ साली अमेरिकेतील ११ मुलांची लक्षणे तपशिलाने मांडली. पुढे काही तज्ज्ञांनी ठरवून टाकले की, आईची माया कमी पडली म्हणून मूल असे झाले! ब्रूनो बेटलहाइम यांनी १९६७ च्या पुस्तकात हेच मत हिरिरीने मांडले. पुरावा? नाहीच. तो शोधला सुसान फोल्स्टाइन व मायकेल रटर यांनी. १९७७ साली त्यांनी ब्रिटनमधील जुळ्यांच्या २१ जोड्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला. प्रत्येक जोडीत निदान एकाला ऑटिझम होता. एकाच फलित अंड्यापासून झालेल्या ११ जोड्यांपैकी ४ जोड्यांत दोघांनाही तो आढळला. दोन अंड्यांपासून झालेल्या १० जोड्यांपैकी एकीतही नाही. जोडीतल्या दोघांची आई तर एकच! मग फरक कशाचा? आनुवंशिकतेचा. आकडे लहान खरे. परंतु नंतरच्या मोठ्या पाहण्यांनीही तीच दिशा दाखविली.

तरी आमच्या इंझोरीकडे अजून ऐकू येते : “माय वावरात जाते, लेकराकडे पाहत नाही.” कापूस वेचून आलेल्या बाईला हे ऐकावे लागते, मग ती लग्नाकार्याला जाणेच सोडते. घर एकटे पडते, मूलही.

शिक्षकांचे काम येथे मोठे आहे. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यातील २१ प्रकारांत ऑटिझम आहे. “हे मूल आमच्याकडे नको” असे शाळेला म्हणता येत नाही. करावयाचे तेही फारसे अवघड नाही. तास बदलणार असेल तर आदल्या दिवशीच सांगावे. जागा रोज तीच द्यावी. गोंगाट असह्य झाला तर बाहेर जाण्याची मुभा असावी. आणि आई शाळेत आली, तर प्रथम तिलाच विचारावे, याला काय आवडते?