निळ्या कोल्ह्याची खरी चूक

निळ्या कोल्ह्याची गोष्ट आपण सर्वांनी लहानपणी ऐकलेली असते. ‘खोटे सोंग फार काळ टिकत नाही’ हे तिचे तात्पर्यही पाठ असते. पण मूळ कथेत याहून महत्त्वाचे काही आहे.

पंचतंत्र हा मुळात राजपुत्रांसाठी रचलेला ग्रंथ. अमरशक्ती राजाच्या तीन मुलांना विष्णुशर्मा सहा महिन्यांत नीतिशास्त्र शिकवतो, अशी त्याची सुरुवात आहे. त्यातला चंडरव कोल्हा कुत्र्यांच्या भीतीने पळताना निळीच्या हौदात पडतो. त्याचा रंग पाहून जनावरे घाबरतात आणि तो ‘ककुद्रुम’ नाव घेऊन राजा होतो. सिंहाला तो मंत्री करतो, लांडग्याला द्वारपाल. कोल्ह्यांना मात्र हाकलून देतो, कारण त्याला ओळखणारे तेवढेच! पुढे एके दिवशी दूरची कोल्हेकुई ऐकून तोही ओरडतो आणि तिथेच त्याचा शेवट होतो. सावध करायला जवळचे कोणी उरलेलेच नसते.

आणि ही गोष्ट सांगतो कोण? दमनक नावाचा धूर्त कोल्हा. पिंगलक सिंह आणि संजीवक बैल यांची मैत्री तोडण्यासाठी तो ती सिंहाला ऐकवतो. सिंह बैलाला एका शब्दाने काही विचारत नाही. मित्राला ठार मारतो आणि मग पश्चात्ताप करत बसतो.

एक राजा रंगाचा, दुसरा जन्माचा. पहिल्याने ओळखणाऱ्यांना दूर केले, दुसऱ्याने कान भरणाऱ्याला जवळ केले. नुकसान दोघांचेही झाले.

विद्यार्थी मित्रहो, वर्गप्रमुखाचा बिल्ला हाही एक रंगच आहे. तो लावल्यावर ‘तुझे चुकते आहे’ असे म्हणणारा मित्र नकोसा वाटू लागला, तर समजावे की आपण निळीच्या हौदात पडलो. पालकांनी आणि आम्हां मोठ्यांनीही हे स्वतःला विचारावे. आपल्या संस्था पिढ्यान्‌पिढ्या चालत आल्या, त्या खुर्च्यांमुळे नव्हे. सभेत उठून प्रश्न विचारणारा सभासद अध्यक्षांना अडचणीचा वाटतो खरा. पण तोच त्यांना सांभाळत असतो. त्याच्याविषयी कोणी कानात काही सांगितले, तर आधी त्यालाच बोलावून विचारावे.

एवढे पिंगलकाने केले असते, तर संजीवक वाचला असता.