उष्ण मुलुखांतील सलगम व त्याच्या वाणाची निवड

"सलगम हें थंड देशाचें पीक, तें आपल्या उन्हांत कोठून पोसणार?" असा प्रश्न मागील बैठकींत एका जाणत्या बागाइतदारांनीं केला, आणि पुष्कळांनीं माना डोलाविल्या. आमच्या मतें हा समज अर्धाच खरा आहे. सलगमाचा कंद १० ते १५ अंश सेंटिग्रेड उष्णमानांत उत्तम पोसतो, व ऊन चढलें म्हणजे तो तंतुमय, तिखट आणि आंतून भेंडासारखा होतो, हें निर्विवाद आहे. परंतु सलगमाचे सगळे वाण एका स्वभावाचे नाहींत. यूरोपांतून आलेले वाण खऱ्या थंडीवांचून कंद धरीत नाहींत. आशिया खंडांतील वाण पावसाळ्याच्या अखेरचा उकाडा बऱ्यापैकीं सोसतात. हा भेद लक्षांत न घेतल्यामुळें पीक बुडतें, आणि दोष मात्र हवेवर जातो.

आम्हीं स्वतः हा दोष हवेवर ठेविला होता, म्हणून लिहितों. महसूल खात्याच्या नोकरींत पिकांच्या तक्त्यांचे गोषवारे तपासण्यांत आमचीं वर्षें गेलीं. परंतु त्या तक्त्यांत सलगम हा 'इतर भाजीपाला' ह्या सदरांत बुडालेला असे, व त्याचा वाण कोणता हें विचारण्याचें आम्हांस कधीं सुचलें नाहीं. निवृत्त झाल्यावर पहिल्याच वर्षीं बाजारांतून जांभळ्या माथ्याच्या कंदाचें चित्र असलेली पुडी आणिली. दुकानदारास पेरणीचा महिना विचारला, तों "केव्हांहि पेरा, चालतें" असें उत्तर मिळालें. भाद्रपदांत गणपती बसण्याच्या सुमारास पांच गुंठ्यांत तें बीं पेरलें. पाला असा माजला कीं, येणारे-जाणारे थांबून वाखाणूं लागले. दोन महिन्यांनीं उपटून पाहतों तों खालीं करंगळीएवढें मूळ, आणि दांताखालीं धरावें तर सुतळी ! पांच गुंठ्यांचें खत व विहिरीचें पाणी गुरांच्या दावणींत गेलें. पुढल्या वर्षीं तेंच उरलेलें बीं स्वाती नक्षत्र लागल्यावर पेरलें, तेव्हां मुठीएवढे कंद आले. बीं खोटें नव्हतें. आमचा महिना खोटा होता.

तेव्हां आधीं महिना ठरवावा व मग वाण. पूर्वा व उत्तरा ह्या नक्षत्रांवर, म्हणजे ऑगस्टच्या अखेरीपासून सप्टेंबरांत, पेरावयाचें असेल तर 'पूसा स्वेती' घ्यावा. हा पांढऱ्या कंदाचा आशियाई वाण ४० ते ४५ दिवसांत काढणीस येतो. 'पूसा कांचन' हा 'लोकल रेड राउंड' व 'गोल्डन बॉल' ह्यांच्या संकरापासून निघालेला असून त्याची साल तांबडी व गर पिवळसर असतो. चित्रा नक्षत्राचें ऊन सरल्यावर, म्हणजे ऑक्टोबरच्या अखेरीपासून, 'पूसा चंद्रिमा' पेरावा. तो दोन महिन्यांच्या आंत तयार होतो. 'पर्पल टॉप व्हाइट ग्लोब' ह्या मोठ्या विलायती वाणाचीहि हीच वेळ. उलट, आशियाई वाण अति उशिरां, ऐन थंडींत पेरला तर तो कंद पोसण्याआधींच दांडा धरून फुलूं पाहतो. (पूसा हें कोणा गृहस्थाचें नांव नव्हे. बिहारांतील ज्या गांवीं १९०५ सालीं सरकारी शेतकी संस्था निघाली त्या गांवाचें तें नांव. १९३४ च्या भूकंपानंतर संस्था १९३६ सालीं दिल्लीस गेली, पण नांव वाणांना चिकटून राहिलें.)

घरचें बीं धरण्याविषयीं आम्हांस नेहमीं विचारतात. विलायती वाणांस फुलण्याकरितां दीर्घ थंडी लागते, म्हणून त्यांचें बीं कुलूसारख्या डोंगरी मुलुखांतच तयार करितात; आपल्याकडे त्याची आशा धरूं नये. आशियाई वाण मैदानांतहि बीं देतात, परंतु शिरस व सलगम हीं एकाच कुळींचीं झाडें आहेत. जवळपास शिरसाचें शेत असेल तर मधमाश्या परागांची सरमिसळ करून ठेवितात, आणि पुढील वर्षीं कंदाचा पत्ता नसतो. दोहोंमध्यें किलोमीटर-दीड किलोमीटर अंतर ठेवण्याची सोय ज्यास नाहीं, त्यानें बीं विकतच घ्यावें.

मशागतींत फार कांहीं गूढ नाहीं. एकरीं सुमारें दीड किलो बीं बारीक वाळूंत मिसळून, फूट ते दीड फूट अंतरावरील सऱ्यांच्या वरंब्यांवर पेरावें. विरळणी मात्र कोणी टाळूं नये. दोन रोपांत चार बोटें जागा ठेवून बाकीचीं उपटावींत. तीं उपटतांना आमच्या घरच्या मंडळींस हळहळ वाटते, पण दाट ठेविलेल्या रोपांस नुसता पालाच येतो. नत्रखताचा अतिरेकहि तेंच करितो. पाणी बेताचें पण नियमित द्यावें. जमीन कोरडी पडूं देऊन मग एकदम भरपूर पाणी दिल्यास कंद तडकतात. पाला दुभत्या जनावरांस घालणें झाल्यास धार काढल्यावर घालावा, नाहींतर दुधास वास येतो.

ह्या पिकाची खरी अडचण विक्रीची आहे. आपल्या खेड्यांत सलगम फारसा कोणी खात नाहीं. गिऱ्हाईक पुण्या-मुंबईकडील पंजाबी व मुसलमान कुटुंबांत. शिवाय उन्हांतला कंद वजन वाढेल म्हणून जमिनींत ठेवितां येत नाहीं. आठ-दहा दिवसांत तो पोकळ होतो. म्हणून एकदम अर्धा एकर पेरण्यापेक्षां दर दहा दिवसांनीं दोन-तीन गुंठे पेरावे असें आमचें स्पष्ट मत आहे.

आतां संघाविषयीं. १९६६ सालीं बियाण्यांचा कायदा झाला, व चिठ्ठीवर काय असावें हें त्यांत सांगितलें आहे. परंतु कोणत्या महिन्यांत पेरावें हें आमच्या पुडीवर नव्हतें, आणि दुकानदारास त्याची पर्वा नव्हती. संघानें सलगमाचें बीं एकत्र मागवावें, आणि प्रत्येक पुडीवर वाणाचें नांव व पेरणीचें नक्षत्र मराठींत लिहून सभासदांस द्यावें, असा ठराव आम्ही श्रावणांतील सभेपुढें आणणार आहों. ज्यांस पूर्वा नक्षत्रावर पेरणी करावयाची असेल त्यांनीं आपली मागणी किती गुंठ्यांकरितां आहे तें त्यापूर्वीं चिटणीसांस लिहून कळवावें.