मैदान कुणाच्या बापाचं?

रविवारी सकाळी कामशेतला उतरा, मळवलीला उतरा, लोणावळ्यापर्यंत जा. दिसेल त्या मैदानावर उभं राहून क्रिकेट खेळणाऱ्या पोरी मोजा. हाताची बोटं कमी पडणार नाहीत.

आणि हा जिल्हा कोणता? महिलांची पहिली आंतरराज्य क्रिकेट स्पर्धा 1973च्या एप्रिलमध्ये जिथे भरली, तो पुणे जिल्हा. मुंबई, महाराष्ट्र आणि उत्तर प्रदेश असे तीनच संघ होते. आज याच जिल्ह्यात, मावळातल्या गहुंज्यात, द्रुतगती मार्गालगत महाराष्ट्र क्रिकेट संघटनेचं भव्य स्टेडियम आहे.

2 नोव्हेंबर 2025 रोजी नवी मुंबईत भारतीय महिलांनी विश्वचषक जिंकला आणि आपण म्हणालो, 'आमच्या लेकी!' कधीपासून आमच्या? 1978च्या विश्वचषकात भारताचं नेतृत्व करणाऱ्या मुंबईच्या डायना एडुलजींनी 20 कसोटींत 63 बळी घेतले. आपल्यापैकी किती घरांत त्यांचं नाव निघतं? 1986 साली लॉर्ड्सच्या पॅव्हेलियनमध्ये त्यांना प्रवेश नाकारला, म्हणून इंग्रजांना नावं ठेवायला आपण मोकळे. पण आपल्या क्रिकेट मंडळाने महिलांचं क्रिकेट पदरात घेतलं ते 2006 साली, आणि त्यानंतर 2014पर्यंत त्यांना एकही कसोटी खेळायला मिळाली नाही. 2022मध्ये सामन्याचं मानधन सारखं झालं. तरी 2024-25च्या वार्षिक करारांत सर्वांत वरच्या श्रेणीतल्या पुरुषाला सात कोटी आणि बाईला पन्नास लाख!

मंडळाला दोष देऊन आपण सुटत नाही. सांगलीची स्मृती मानधना भावाच्या मागोमाग मैदानावर गेली. वडील आणि भाऊ दोघंही जिल्हा पातळीवर खेळलेले. त्यांनी तिला घरी परत पाठवलं नाही. नवव्या वर्षी ती राज्याच्या 15 वर्षांखालील संघात होती आणि बाविसाव्या वर्षी भारताच्या टी-20 संघाची कर्णधार. तिच्या षटकारांचं कौतुक आपण करतो, पण त्या घराचं अनुकरण करत नाही. आपल्या घरात पोरगी वयात आली की ऊन, रंग, स्थळं आणि 'लोक काय म्हणतील' हे चार क्षेत्ररक्षक तिच्याभोवती उभे केले जातात.

मे 2022मध्ये गहुंज्याच्या मैदानावर सोलापूर जिल्ह्यातल्या किरण नवगिरेने 34 चेंडूंत 69 धावा कुटल्या. ती नागालँडकडून खेळून प्रकाशात आलेली. आपल्या दाराशी झालेला तो डाव मावळातल्या किती पोरींना कुणी नेऊन दाखवला?

यात्रेला, पुढाऱ्याच्या वाढदिवसाला टेनिस बॉलचे चषक भरतात. त्यासाठी वर्गणी निघते, मंडप पडतो, लाउडस्पीकरवर समालोचन घुमतं. पोरी कुंपणाबाहेर. बंगल्यांच्या प्लॉटिंगसाठी अख्खा माळ मोजून देणाऱ्या गावाला लेकींसाठी बावीस यार्ड सापडत नाहीत, याला गरिबी म्हणत नाहीत. याला नियत म्हणतात.

तेव्हा मावळकरांनो, येत्या यात्रेच्या स्पर्धेत एक दिवस पोरींचा ठेवा आणि बक्षीस पोरांइतकंच द्या. तेवढंही जमणार नसेल, तर पुढच्या विजयाला 'आमच्या लेकी' असा फ्लेक्स लावू नका.