आधी पडताळणी, मग नेमणूक

ज्या प्रश्नाचा निकाल नेमणुकीच्या दिवशीच लागावयास हवा, तो वीस-पंचवीस वर्षांनी न्यायालयात लागावा, यासारखी राज्यकारभाराची नामुष्की दुसरी नाही. राखीव जागांवरील नेमणुकांचे जे तंटे उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापुढे वर्षानुवर्षे चालत आले आहेत, त्यांकडे पाहिले म्हणजे आम्हांस हेच म्हणावेसे वाटते.

वर्धा जिल्ह्यास हा प्रश्न परका नाही. १९७६ पूर्वी विदर्भात अनुसूचित जमातींच्या सवलती मेळघाट, गडचिरोली, सिरोंचा, केळापूर, वणी व यवतमाळ या तालुक्यांपुरत्याच होत्या. वर्धा जिल्हा त्या कक्षेबाहेर राहिल्याने आर्वी-कारंज्याकडील गोंड आदिवासी असूनही सवलतींस पारखा होता. १९७६ च्या कायद्याने हे क्षेत्रबंधन उठविले, ते उचितच झाले. परंतु दार उघडताना दारावर सावध पहारा हवा, याचा सरकारला विसर पडला. विदर्भातील विणकर कोष्टी समाजापैकी अनेकांनी आपण हलबा असल्याचे दाखले मिळविले व नोकऱ्या पत्करल्या. त्या दाखल्यांवर सही-शिक्के सरकारी कचेऱ्यांचेच होते, हे विसरून चालणार नाही.

कायद्याची बाजू आज निःसंदिग्ध आहे. २८ नोव्हेंबर २००० रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने निर्वाळा दिला की, अनुसूचित जमातींची यादी आहे तशीच वाचावयाची. तीत फेरफार करण्याचा अधिकार केवळ संसदेचा. आणि हलबा-कोष्टी म्हणजे हलबा नव्हेत. मात्र तोवर कायम झालेल्या प्रवेशांना व नेमणुकांना त्या निकालाने धक्का लावला नाही. पुढे या अभयाची व्याप्ती किती, यावरच वाद माजला. २०१४ मध्ये उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने नोकऱ्यांना संरक्षण देणारी भूमिका घेतली. ६ जुलै २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती अमान्य केली आणि २००१ साली अमलात आलेल्या राज्याच्या कायद्यानुसार दावा फेटाळला गेल्यावर लाभही गेलाच पाहिजे, असे बजावले. त्यावर डिसेंबर २०१९ मध्ये सरकारने अशा कर्मचाऱ्यांना अकरा महिन्यांच्या अधिसंख्य पदांवर वर्ग करण्याचा तोडगा काढला.

उतारवयात पायाखालची जमीन सरकलेल्या कर्मचाऱ्याविषयी आम्हांस सहानुभूती आहे. त्यांतील कित्येक स्वतःला प्रामाणिकपणे हलबाच मानीत आले. पण दयेचा विचार करताना एक मनुष्य नेहमी नजरेआड राहतो. ती जागा रिकामी नव्हती. ती ज्या आदिवासी तरुणासाठी राखलेली होती, तो तेवढी वर्षे बाहेर उभा होता. त्याला अधिसंख्य पद कोणी दिले नाही, आणि त्याचे वय उलटून गेल्यावर मिळालेल्या न्यायाचा त्याला उपयोगही नाही.

म्हणून आमचे म्हणणे एवढेच की, पडताळणी पूर्ण झाल्यावाचून राखीव जागेवर कोणाचीही नेमणूक कायम होऊ नये. सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्येच दाव्याची चौकशी शक्यतो दररोज चालवून दोन महिन्यांत संपवावी, असे सांगितले होते. मग समित्यांवर पुरेशी माणसे नेमणे व विलंबाची जबाबदारी अधिकाऱ्यावर टाकणे सरकारला अशक्य का व्हावे? खऱ्या आदिवासीचीही यात परवड होते. कोतवाल बुकातील व शाळेच्या दाखल-खारीज रजिस्टरातील जुनी नोंद शोधता शोधता त्याच्या चपला झिजतात. रीतिरिवाजांची परीक्षा हीच एकमेव कसोटी नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२३ मध्ये स्पष्ट केले आहे. जुन्या कागदाचे मोल समित्यांनी आता तरी ओळखावे.

विणकरांचे दारिद्र्य खरे आहे व त्याचा उपाय सरकारने स्वतंत्रपणे केलाच पाहिजे. परंतु एका गरिबाच्या ताटातील घास दुसऱ्या गरिबाच्या ताटात वाढणे हा उपाय नव्हे. आणि तो वाढून झाल्यावर वीस वर्षांनी हिसकावून घेणे हा न्यायही नव्हे. दोन्ही अनर्थ टाळावयाचे असतील, तर ताट वाढण्यापूर्वीच पंक्तीत कोण बसले आहे, हे पाहिले पाहिजे.