जोडे जपणारी पोरं

लातूर-नांदेडच्या क्लासेसच्या गल्ल्यांत राहून ‘नीट’ची तयारी करणाऱ्या पोरांना स्नीकर्सचं वेड लागलंय. खाटेखाली खोके जपून ठेवलेले असतात. जॉर्डन खरा की ‘फर्स्ट कॉपी’, हे ती नुसती शिवण बघून सांगतात. सोयाबीनला भाव नाही आणि याला तिसरा जोड कशाला, ही घरच्यांची चिंता खरी आहे. तरीही याला मी उधळपट्टी म्हणणार नाही.

हे वेड मूळचं अमेरिकेतलं. १९८५ मध्ये नायकेने तिथे बास्केटबॉलपटू मायकल जॉर्डनच्या नावाचा बूट बाजारात आणला. पुढच्याच वर्षी न्यूयॉर्कच्या रन-डीएमसी या रॅप गटाने आदिदासवर गाणं केलं. कृष्णवर्णीय वस्त्यांतली पोरं हे बूट पुसून-पुसून नवेकोरे ठेवायची, कारण जग त्यांची पायरी कपड्यांवरून ठरवत होतं. १९९८ च्या अंतिम मालिकेत जॉर्डनने घातलेला जोड २०२३ मध्ये सदबीजच्या लिलावात २२ लाख डॉलरला गेला. त्या आकड्याचं मला काही नाही. वस्तीतल्या पोरांच्या त्या पुसण्यामागचं कारण मात्र मराठवाड्याला सांगावं लागत नाही.

वाड्यासमोरून जाताना दलितांना पायताण हातात घ्यावं लागे, अशी गावं आपल्याकडे होती. चौकाचौकांतल्या बाबासाहेबांच्या पुतळ्यांत सुटाइतकाच बुटांनाही अर्थ आहे. १९७८ मध्ये मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराच्या वणव्यात याच नांदेड जिल्ह्यातल्या टेंभुर्णीत पोचिराम कांबळे मारले गेले. त्या जिल्ह्यातलं पोरगं आज पांढरेशुभ्र बूट घालून भर रस्त्याने ताठ चालतं, याचा मला मनापासून आनंद आहे.

माझी तक्रार वेगळी आहे. या पोरांना बुटाच्या डिझायनरचं नाव पाठ असतं, कोपऱ्यावर छत्रीखाली बसून त्यांचाच सोल शिवणाऱ्या कारागिराचं नसतं. नांदेडच्या सचखंड हजूर साहिब गुरुद्वाराच्या जोडाघरात भाविकांचे जोडे हाती घेणं ही सेवा मानली जाते. गुरुद्वाराबाहेर पोटासाठी जोडे हाती घेणाऱ्याला मात्र अजून जात चिकटते.

मोठ्या शहरांत स्नीकर्स धुऊन, रंगवून, सोल बदलून देणारी दुकानं चांगला पैसा कमावतात. संत रोहिदास चर्मोद्योग महामंडळ १९७४ पासून आहे. त्याने हे कसब लातूर-नांदेडात शिकवावं, जात न विचारता, ज्याला शिकायचंय त्याला. आज जे छत्रीखाली बसलेत त्यांना पक्का गाळा आणि यंत्रासाठी कर्ज आधी मिळावं. आणि जपणाऱ्या पोरांनी पुढचा जोड घेण्याआधी जुना त्यांच्याकडे न्यावा, मागतील ती मजुरी द्यावी.